नोकरी आजन्म, पगार पूर्ण, खटला एकही नाही

२९ ऑगस्ट २०२५ रोजी वॉशिंग्टनमधल्या एका न्यायालयाने डोनाल्ड ट्रम्प यांनी लावलेलं बरंचसं आयातशुल्क बेकायदा ठरवलं आणि ती बातमी आपल्याकडेही पहिल्या पानावर झळकली. दोनच दिवस आधी भारतीय मालावरचं शुल्क ५० टक्क्यांवर गेलं होतं. सोलापूरच्या टॉवेलवाल्यांपासून सीप्झमधल्या दागिने निर्यातदारांपर्यंत सगळे अमेरिकेकडे डोळे लावून बसले होते. निकाल लागला सात विरुद्ध चार असा. खटला पुढे सर्वोच्च न्यायालयात गेला, तो वेगळा विषय.

पण सात आणि चार मिळून होतात अकरा. त्या न्यायालयात न्यायाधीशांच्या जागा बारा आहेत आणि त्या दिवशी बाराही भरलेल्या होत्या. निकालात जिचं मत नव्हतं ती बारावी व्यक्ती म्हणजे पॉलीन न्यूमन. तेव्हा वय ९८. त्या निवृत्त झालेल्या नव्हत्या, राजीनामा दिलेला नव्हता, महाभियोगही झालेला नव्हता. पगार पूर्ण चालू होता. फक्त दोन वर्षांहून अधिक काळ त्यांच्याकडे एकही नवा खटला येत नव्हता, आणि हे त्यांच्याच शेजारी बसणाऱ्या सहकारी न्यायाधीशांनी ठरवलेलं होतं.

ज्या न्यायाधीशाला अमेरिकेचा राष्ट्राध्यक्षसुद्धा हात लावू शकत नाही, त्याला सहकारी घरी कसे बसवू शकतात? त्यासाठी आधी हे न्यायालय काय आहे आणि या बाई कोण आहेत, ते पाहू.

हे न्यायालय कुठल्या पायरीवर बसतं?

अमेरिकेत प्रत्येक राज्याची स्वतःची न्यायालयं असतात आणि त्यांच्या जोडीला केंद्र सरकारची वेगळी न्यायव्यवस्था असते. या केंद्रीय व्यवस्थेला फेडरल म्हणतात. तिच्यात खाली ९४ जिल्हा न्यायालयं, त्यावर १३ अपील न्यायालयं आणि माथ्यावर नऊ न्यायाधीशांचं सर्वोच्च न्यायालय.

आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयात दर वर्षी हजारो प्रकरणं जातात. तिथलं सर्वोच्च न्यायालय मात्र वर्षाला साधारण साठ-सत्तर खटलेच सविस्तर ऐकतं आणि तेही स्वतः निवडून. म्हणजे कायद्याच्या पुस्तकात काहीही असलं तरी बहुतेक पक्षकारांच्या दृष्टीने अपील न्यायालयाचा शब्द हाच शेवटचा. तिथे साक्षीदार येत नाहीत, नवे पुरावे येत नाहीत. तीन न्यायाधीश खालच्या कोर्टाचे कागद वाचतात, दोन्ही बाजूंच्या वकिलांना प्रश्न विचारतात आणि निकाल लिहितात. फार महत्त्वाचं प्रकरण असेल तर सगळे न्यायाधीश एकत्र बसतात, जसे शुल्काच्या खटल्यात बसले.

तेरापैकी बारा अपील न्यायालयांची वाटणी प्रदेशानुसार आहे. तेरावं विषयानुसार चालतं. त्याचं नाव फेडरल सर्किट. देशभरातले पेटंटचे वाद, आयातशुल्काचे तंटे, माजी सैनिकांचे लाभ, केंद्रीय कर्मचाऱ्यांच्या तक्रारी आणि सरकारकडून येणं असलेल्या पैशांचे दावे इथे येतात. व्हाइट हाउसपासून चालत दोन मिनिटांवर, लाफायेत चौकाच्या कडेला त्याची इमारत आहे. दर महिन्याच्या पहिल्या आठवड्यात सुनावण्या होतात. वकिलाला साधारण पंधरा मिनिटं मिळतात आणि आपल्यासमोर कोणते तीन न्यायाधीश बसणार, हे त्याला त्याच दिवशी सकाळी कळतं. त्या सकाळच्या यादीतून न्यूमन यांचं नाव २०२३ मध्ये गायब झालं.

रसायनशास्त्रातली डॉक्टर न्यायाधीश कशी झाली?

न्यूमन यांचा जन्म २० जून १९२७ रोजी न्यूयॉर्कमध्ये झाला. १९४७ मध्ये व्हासार कॉलेजातून पदवी, पुढच्या वर्षी कोलंबिया विद्यापीठातून एमए आणि १९५२ मध्ये येल विद्यापीठातून रसायनशास्त्रात पीएचडी. प्रयोगशाळेत पांढरा कोट घातलेली बाई दिसणं हीच त्या काळात नवलाई होती. अमेरिकन सायनामिड या रसायन कंपनीत त्यांनी संशोधक म्हणून काम केलं आणि १९५४ मध्ये एफएमसी या कंपनीत गेल्या. तिथे त्या तीस वर्षं होत्या. नोकरी सांभाळून न्यूयॉर्क विद्यापीठातून १९५८ मध्ये कायद्याची पदवी घेतली आणि पुढे कंपनीच्या पेटंट विभागाच्या प्रमुख झाल्या. मधे एक वर्ष पॅरिसला युनेस्कोतही काढलं.

पेटंट म्हणजे सरकारने संशोधकाशी केलेला सौदा. तुझा शोध जगाला उघड करून सांग, त्या बदल्यात वीस वर्षं तो दुसऱ्या कुणाला वापरू देणार नाही. हा सौदा १९७० च्या दशकात अमेरिकेत पुरता विस्कटला होता. एकाच प्रकारचं पेटंट एका प्रदेशातल्या अपील न्यायालयात टिकायचं, शेजारच्या प्रदेशात उडायचं. त्यामुळे कंपन्यांची निम्मी ताकद खटला कुठे भरायचा, याच डावपेचात जायची. राष्ट्राध्यक्ष जिमी कार्टर यांच्या काळात उद्योगांतल्या संशोधनाचा आढावा घेण्यासाठी एक सल्लागार समिती नेमली गेली. न्यूमन तिच्यात होत्या. पेटंटची सगळी अपिलं एकाच न्यायालयाकडे द्या, ही कल्पना त्या समितीने उचलून धरली. १९८२ मध्ये संसदेने कायदा केला आणि फेडरल सर्किट जन्माला आलं.

पहिले न्यायाधीश त्यात विलीन झालेल्या दोन जुन्या न्यायालयांतून आयते आले. थेट याच न्यायालयावर नेमणूक झालेल्या पहिल्या न्यायाधीश म्हणजे न्यूमन. फेब्रुवारी १९८४ मध्ये राष्ट्राध्यक्ष रोनाल्ड रेगन यांनी त्यांना आणलं. ज्या न्यायालयाने त्यांचं काम थांबवलं, त्याच्या पायाभरणीत त्यांचाही हात होता.

चाळीस वर्षं त्या काय करत होत्या?

बरेचदा असहमती नोंदवत होत्या. बहुमताचा निकाल पटला नाही तर न्यायाधीश स्वतःची कारणं वेगळी लिहून जोडू शकतो. त्याला भिन्नमत म्हणतात. त्या क्षणी त्याचा पक्षकाराला काडीचाही उपयोग नसतो, कारण निकाल बहुमताचाच लागू होतो. पण वरच्या न्यायालयातला न्यायाधीश ते वाचतो. २००० साली पेटंटधारकाचे हक्क फार आवळणारा एक निकाल फेडरल सर्किटने दिला, न्यूमन यांनी त्यातल्या बऱ्याच भागाला विरोध केला आणि २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल एकमताने रद्द केला.

पेटंटपेक्षा मला त्यांचं एका सैनिकाच्या खटल्यातलं भिन्नमत जास्त बोलकं वाटतं. हा माणूस तीन वेगवेगळ्या टप्प्यांत सैन्यात होता. पहिल्या टप्प्यातल्या सेवेवर एका जुन्या योजनेतून त्याला शिक्षणाचा खर्च मिळाला आणि २५ महिने १४ दिवसांचा लाभ वापरून त्याने पदवी घेतली. पुढच्या सेवेमुळे तो ११ सप्टेंबरनंतरच्या नव्या, जास्त उदार योजनेलाही पात्र ठरला. सैन्यात धर्मगुरू व्हायचं म्हणून त्याला येलमध्ये धर्मशास्त्र शिकायचं होतं, प्रवेशही मिळाला होता. दोन योजना मिळून जास्तीत जास्त ४८ महिने, असं कायदा सांगत होता. म्हणजे उरले साडेबावीस महिने. सरकारी खातं म्हणालं, छे, तुला एकूण ३६ महिनेच, म्हणजे उरले १० महिने १६ दिवस.

डिसेंबर २०२२ मध्ये फेडरल सर्किटच्या बहुमताने खात्याची बाजू घेतली. न्यूमन यांनी भिन्नमत लिहिलं. एप्रिल २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सात विरुद्ध दोन मतांनी सैनिकाच्या बाजूने निकाल दिला. तोवर न्यूमन यांना कामावरून बाजूला करून सात महिने झाले होते.

यावरून त्या पूर्ण तंदुरुस्त होत्या असं सिद्ध होत नाही. डिसेंबर २०२२ च्या लेखनावरून नंतरची तब्येत कळत नाही. पण वादाच्या दोन्ही बाजू समोर असाव्यात.

२०२३ मध्ये नेमकं काय घडलं?

फेडरल न्यायाधीशांच्या गैरवर्तनाबद्दल किंवा असमर्थतेबद्दल तक्रार करण्यासाठी १९८० चा एक कायदा आहे. तक्रार त्या न्यायालयाच्या मुख्य न्यायाधीशांकडे जाते, किंवा मुख्य न्यायाधीश स्वतःहून ती नोंदवू शकतात. मग चौकशी समिती बसते आणि तिच्या अहवालावर ज्युडिशियल कौन्सिल, म्हणजे न्यायाधीशांचंच मंडळ, निर्णय घेतं.

मार्च २०२३ मध्ये फेडरल सर्किटच्या मुख्य न्यायाधीश किम्बर्ली मूर यांनी अशी तक्रार स्वतःहून नोंदवली. न्यूमन यांना निकाल लिहायला फार वेळ लागतो, विसर पडतो, गोंधळ होतो, असं कर्मचाऱ्यांच्या जबाबांवरून दिसतं, हा तिचा गाभा. समिती तिघांची आणि त्यात मूर स्वतः. कायदाच मुख्य न्यायाधीशाला समितीत बसवतो, म्हणजे हा त्यांचा आगाऊपणा नव्हता. समितीने सांगितलं की आम्ही निवडलेल्या मेंदूविकारतज्ज्ञाकडून तपासणी करून घ्या आणि वैद्यकीय कागद द्या. न्यूमन म्हणाल्या, आरोप खोटे आहेत, आणि चौकशी करायचीच तर दुसऱ्या न्यायालयाच्या मंडळाकडे सोपवा. तपासणीला त्यांनी नकार दिला. पुढे स्वतः निवडलेल्या डॉक्टरांचे अहवाल दिले, त्यात त्या कामाला सक्षम असल्याचं म्हटलं होतं. मंडळाने ते अपुरे ठरवले.

इथे प्रकरणाने वळण घेतलं आणि बहुतेक बातम्यांत ते निसटलं. मंडळाने न्यूमन असमर्थ आहेत असा निष्कर्ष काढलाच नाही. निष्कर्ष असा निघाला की त्यांनी चौकशीला सहकार्य केलं नाही आणि असहकार हे गैरवर्तन आहे. शिक्षा म्हणून २० सप्टेंबर २०२३ रोजी एक वर्ष नवे खटले न देण्याचा आदेश निघाला. २०२४ मध्ये तो आणखी एक वर्ष वाढवला, २०२५ मध्ये आणखी एक. तब्येतीचा मूळ प्रश्न तसाच राहिला.

हाउसिंग सोसायटीत राहणाऱ्याला हे चटकन समजेल. सेक्रेटरीने सभासदाविरुद्ध तक्रार केली, चौकशी समितीत सेक्रेटरीच बसला, अहवाल कमिटीपुढे गेला. फ्लॅट सभासदाच्या नावावर असल्याने त्याला बाहेर काढता येत नाही. मग कमिटीने त्याचं पाणी बंद केलं, आधी एक वर्ष, मग दुसरं, मग तिसरं. मालकी शाबूत आहे, असं कमिटी म्हणते, आणि कागदावर ते खरंही आहे.

मग आजन्म नेमणुकीला अर्थ काय राहिला?

अमेरिकेची राज्यघटना फेडरल न्यायाधीशाला दोन हमी देते. वर्तन चांगलं आहे तोवर पद जाणार नाही आणि पदावर असताना पगार कापला जाणार नाही. काढायचं तर एकच रस्ता, महाभियोग. खालच्या सभागृहाने आरोप ठेवायचे आणि सिनेटने दोन तृतीयांश मतांनी दोषी ठरवायचं. सव्वादोनशेहून अधिक वर्षांत १५ फेडरल न्यायाधीशांवर असे आरोप ठेवले गेले आणि त्यातले फक्त आठ दोषी ठरून गेले. १८०५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे सॅम्युअल चेस सुटले, तेव्हापासून निकाल आवडला नाही म्हणून न्यायाधीश काढायचा नाही, हा संकेत पक्का झाला.

म्हातारपणाचं काय, हा प्रश्न घटनाकारांच्या काळातही निघालाच होता. अलेक्झांडर हॅमिल्टन यांनी १७८८ मध्येच त्याचं उत्तर देऊन ठेवलं आहे. असमर्थतेचं कारण देऊन न्यायाधीश काढण्याची सोय ठेवली, तर तिचा वापर न्यायापेक्षा वैयक्तिक आणि पक्षीय रागलोभासाठीच जास्त होईल, असं त्यांचं म्हणणं. त्यांच्या न्यूयॉर्क राज्यात साठीला सक्तीची निवृत्ती होती, तिची त्यांनी चेष्टा केली आहे. हॅमिल्टन गेल्यावर त्याच नियमाने जेम्स केंट या नामांकित न्यायाधीशाला १८२३ मध्ये घरी पाठवलं, आणि साठीनंतर केंट यांनी कायद्यावर जे लेखन केलं त्यावर वकिलांच्या पिढ्या वाढल्या.

पण हॅमिल्टन यांच्या डोळ्यांसमोर धोका होता तो राष्ट्राध्यक्षाचा आणि संसदेचा. शेजारच्या खुर्चीतल्या सहकाऱ्यांचा विचार तिथे नाही. १९८० च्या कायद्याने ही फट बुजवायचा प्रयत्न केला. सहकाऱ्यांना पद काढून घेता येत नाही, मात्र तात्पुरत्या आणि ठरावीक मुदतीसाठी खटले थांबवता येतात. आता एकेक वर्षाचे तीन आदेश पाठोपाठ निघाले, तर त्याला तात्पुरतं म्हणायचं का? अट्ठ्याण्णव वर्षांच्या माणसासाठी तीन वर्षं म्हणजे काय, हे सांगायला वकील लागत नाही.

न्यूमन यांनी हाच मुद्दा घेऊन दावा केला. जिल्हा न्यायालयाने २०२४ मध्ये तो फेटाळला. ऑगस्ट २०२५ मध्ये वॉशिंग्टनच्या प्रादेशिक अपील न्यायालयानेही तोच निर्णय कायम ठेवला. टेक्सासमधल्या एका जिल्हा न्यायाधीशाच्या अशाच निलंबनाच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने २००१ मध्ये दिलेला निकाल आड आला. तो बंधनकारक असल्याने त्यापुढे जाता येत नाही, असं न्यायमूर्तींनी सांगितलं. म्हणजे दार बंद झालं ते मुख्यतः जुन्या निकालामुळे.

“पण अट्ठ्याण्णव्या वर्षी न्यायदान करावंच का?”

आपल्याला हे विचित्र वाटणारच. आपल्याकडे उच्च न्यायालयाचा न्यायाधीश ६२ व्या वर्षी निवृत्त होतो आणि सर्वोच्च न्यायालयाचा ६५ व्या. न्यूमन भारतात असत्या तर नेमणुकीनंतर पाचच वर्षांत त्यांचा निरोप समारंभ झाला असता. आपल्या पद्धतीचा तोटाही आपण पाहतो. निवृत्तीनंतर पुढचं पद कोण देणार, याकडे काहींचं लक्ष लागलेलं असतं. आजन्म नेमणुकीत तो मोह नाही, पण केव्हा उठायचं हे ज्याचं त्याने ठरवायचं.

उठण्यासाठी तिथे एक सन्मानाची वाट आहे, सीनियर स्टेटस. वय ६५ आणि सेवा १५ वर्षं झाली की पूर्ण पगारावर कमी काम करता येतं आणि ती जागा नव्या नेमणुकीसाठी मोकळी होते. न्यूमन यांना ही वाट अनेक वर्षांपासून खुली होती. त्यांनी ती घेतली नाही. माझं मत विचाराल तर त्यांनी ती घ्यायला हवी होती. पण घ्यायला हवी होती आणि घ्यायला भाग पाडता येतं, यांत जे अंतर आहे तेच घटनेने जाणूनबुजून ठेवलेलं आहे. वयोमर्यादा घालायची तर घटनादुरुस्ती लागेल, असंच बहुतेकांचं मत आहे. त्यासाठी दोन्ही सभागृहांत दोन तृतीयांश मतं आणि ५० पैकी ३८ राज्यांची संमती हवी. आजच्या अमेरिकेत तेवढे लोक कशावरच एकत्र येत नाहीत.

“डॉक्टरकडे जायला काय झालं होतं?”

सगळ्यात वजनदार आक्षेप हाच. लपवण्यासारखं काही नसेल तर तपासणी करून घ्या आणि प्रकरण मिटवा.

यावर आपल्याकडचा एक प्रसंग आठवतो. कोलकाता उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती सी. एस. कर्णन यांच्यावर न्यायालयाच्या अवमानाची कारवाई चालू होती. फेब्रुवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांचं सगळं काम काढून घेतलं आणि १ मे रोजी सात न्यायमूर्तींच्या पीठाने त्यांची मानसिक तपासणी सरकारी डॉक्टरांच्या मंडळाकडून करण्याचा आदेश दिला. कर्णन यांनी तपासणी नाकारली. आठवड्याभरात त्यांना सहा महिन्यांची कैद सुनावली गेली. दोन्ही प्रकरणं सारखी अजिबात नाहीत. कर्णन यांनी उलट सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींविरुद्धच आदेश काढले होते, न्यूमन यांच्यावर तसलं काही किटाळ नाही. सारखा आहे तो फक्त एक पेच: न्यायाधीशाच्या डोक्याची तपासणी त्याच्याशी वाद चालू असलेल्या न्यायाधीशांनी मागितली, तर अहवालावर विश्वास कुणाचा बसणार?

न्यूमन यांचा अट्टहास मला पूर्ण पटत नाही. पण डॉक्टर कुणी निवडायचा, अहवाल कुणी वाचायचा आणि त्यावर निकाल कुणी द्यायचा, या तिन्ही प्रश्नांचं उत्तर एकच मंडळ असेल, तर नकार देणाऱ्याला केवळ हट्टी म्हणून चालत नाही.

“मग सहकाऱ्यांनी गप्प बसायचं का?”

नाही. एखाद्या छोट्या कंपनीचं अख्खं भवितव्य एका पेटंटवर टांगलेलं असतं. तिचा निकाल महिनोन्‌महिने रखडला, किंवा न्यायाधीशाने कागद नीट लक्षात न ठेवता लिहिला, तर भरपाई कुणीच देत नाही. मुख्य न्यायाधीशाला शंका आली तर विचारणं हे त्यांचं कामच आहे. मूर यांनी प्रश्न विचारला, यात मला दोष दिसत नाही.

दोष आहे तो प्रश्नाचं उत्तर कुणी शोधायचं यात. बारा जणांचं छोटं न्यायालय. सगळे रोज एकाच इमारतीत, एकमेकांचे निकाल वाचणारे, एकमेकांशी वर्षानुवर्षं मतभेद असलेले. कर्मचारी साक्षीदार, सहकारी साक्षीदार, आणि सहकारीच न्यायाधीश. हा धोका नियम करणाऱ्यांनी ओळखला होता. असाधारण परिस्थितीत चौकशी दुसऱ्या प्रदेशातल्या न्यायालयाच्या मंडळाकडे पाठवण्याची सोय नियमांत आहे. त्यासाठी ना घटनादुरुस्ती लागते ना नवा कायदा. मुख्य न्यायाधीशाने किंवा मंडळाने देशाच्या सरन्यायाधीशांना एक पत्र लिहायचं. न्यूमन यांनी तशी मागणी सुरुवातीलाच केली होती, आणि परक्या मंडळापुढे सहकार्य करायची तयारीही दाखवली होती. फेडरल सर्किटने ती मागणी नाकारली.